बदली, बडतर्फी आणि तीस दिवसांची मुदत

शैक्षणिक वर्ष संपत आले की आमच्याकडे येणाऱ्या मंडळींपैकी काही जण हातात लिफाफा घेऊन येतात. कुणाची सेवा समाप्त केलेली असते, कुणाची बदली संस्थेच्या दूरच्या शाळेत झालेली असते, तर कुणाकडून राजीनामा लिहून घेतलेला असतो. आम्ही पत्र वाचतो आणि पहिला प्रश्न विचारतो, "हे पत्र आपणास कोणत्या तारखेला मिळाले?" उत्तर ऐकून पुष्कळदा मन खिन्न होते. कारण तोवर दीड-दोन महिने उलटलेले असतात आणि कायद्याने दिलेली तीस दिवसांची मुदत संपलेली असते. इतके दिवस का थांबलात, असे विचारले तर उत्तर ठरलेले असते, "फादर, बोलणी चालू होती."

नायगाव, बिलोली, देगलूर, मुखेड, उदगीर या भागात शाळेतील नोकरीला काय मोल आहे, हे वेगळे सांगण्याची गरज नाही. कोरडवाहू शेती, पावसाचा भरवसा नाही, जवळपास मोठे उद्योगधंदे नाहीत. अशा गावात घरातील एक जण शाळेत शिक्षक, लिपिक किंवा शिपाई असला की त्या एका पगारावर आई-वडिलांचे औषधपाणी, मुलांचे शिक्षण आणि धाकट्या बहिणीचे लग्न उभे असते. ती नोकरी गेली म्हणजे केवळ एका माणसाचे काम जात नाही, एका घराचा आधार जातो. आणि ती नोकरी ख्रिस्ती संस्थेच्या शाळेतील असेल, तर आणखी एक अवघड प्रश्न उभा राहतो. आपल्याच धर्मगुरूंच्या किंवा धर्मभगिनींच्या संस्थेविरुद्ध दाद मागावी काय? तसे करणे पाप तर नव्हे?

या दोन्ही प्रश्नांचा विचार आम्ही येथे करणार आहोत. कायदा काय देतो हे आधी पाहू, मग श्रद्धा काय सांगते हे पाहू. आम्ही वकील नाही. प्रत्येक प्रकरणाचा तपशील वेगळा असतो आणि त्यासाठी वकिलाचा सल्ला घ्यावाच लागतो. मात्र वकिलाकडे वेळेवर जाण्यापुरती माहिती प्रत्येक कर्मचाऱ्याजवळ असली पाहिजे.

कायद्याने दिलेले संरक्षण

महाराष्ट्रातील खाजगी शाळांच्या कर्मचाऱ्यांसाठी १९७७ साली एक स्वतंत्र कायदा झाला. त्याचे नाव महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम. त्याखालील नियमावली १९८१ साली आली. हा कायदा मान्यताप्राप्त खाजगी शाळांना लागू होतो, मग त्यांना सरकारी अनुदान असो वा नसो. शिवाय तो केवळ शिक्षकांसाठी नाही. लिपिक, प्रयोगशाळा परिचर, शिपाई हे शिक्षकेतर कर्मचारी आणि शिक्षण सेवकही त्यात येतात.

या कायद्याचा गाभा एका वाक्यात सांगता येतो. नियमांप्रमाणे वागल्यावाचून कोणत्याही कर्मचाऱ्याला व्यवस्थापनाने बडतर्फ करू नये, कामावरून काढू नये किंवा पदावनत करू नये. नियमांप्रमाणे वागणे म्हणजे काय, तर आरोप लेखी कळवणे, कर्मचाऱ्याला खुलासा करण्याची संधी देणे, खुलासा समाधानकारक न वाटल्यास चौकशी समिती नेमणे आणि त्या समितीपुढे त्याला आपली बाजू मांडू देणे. ही समिती तीन सदस्यांची असते आणि तिच्यावर एक सदस्य नेमण्याचा अधिकार स्वतः कर्मचाऱ्याला असतो. पुष्कळांना ही गोष्ट ठाऊकच नसते. 'समितीवर माझा माणूस नेमणार नाही, मला ही चौकशीच मान्य नाही' असे म्हणून काही जण घरी बसतात आणि मग चौकशी एकतर्फी पूर्ण होते. आमचा सल्ला याच्या नेमका उलट आहे. हरकत लेखी नोंदवावी, परंतु चौकशीला हजर राहावे. निलंबनाच्या काळात निर्वाह भत्ता मिळण्याचा हक्क आहे, तोही लेखी मागावा.

एवढे होऊनही अन्याय झाला असे वाटले, तर कायद्याच्या कलम ९ अन्वये शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. न्यायाधिकरणाचे पीठासीन अधिकारी न्यायखात्यातील असतात. दिवाणी न्यायाधीश (वरिष्ठ स्तर) यांच्यापेक्षा कमी दर्जाचा अधिकारी तेथे नेमता येत नाही. नांदेड आणि लातूर भागासाठी हे न्यायाधिकरण लातूर येथे आहे. बडतर्फी, कामावरून काढणे, अन्य प्रकारे सेवासमाप्ती, पदावनती आणि पदोन्नतीत डावलले जाणे, या तक्रारी तेथे नेता येतात. मुदत आहे आदेश मिळाल्यापासून तीस दिवसांची. पुरेसे कारण दाखवल्यास न्यायाधिकरण उशीर माफ करू शकते, पण तो त्याचा विवेकाधिकार आहे. त्याच्या भरवशावर कुणी राहू नये.

न्यायाधिकरणाचे अधिकार मोठे आहेत. आदेशाला स्थगिती देणे, कर्मचाऱ्याला पूर्ववत कामावर घ्यायला लावणे, थकीत वेतन देवविणे, शिक्षा सौम्य करणे हे सारे त्यात येते. पुन्हा कामावर घेणे योग्य नाही असे ठरले, तर दहा वर्षे किंवा अधिक सेवा झालेल्याला बारा महिन्यांचे आणि त्याहून कमी सेवा झालेल्याला सहा महिन्यांचे वेतन भरपाई म्हणून देण्याची तरतूद आहे. न्यायाधिकरणाचा निर्णय अंतिम व बंधनकारक मानला जातो. त्यावर अपील नाही, मात्र उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. आपल्या भागासाठी ते औरंगाबाद खंडपीठ होय.

मराठवाड्यातील एक निकाल

हे सारे कागदावरच राहते, असे म्हणणाऱ्यांना आम्ही आपल्याच मराठवाड्यातील एका प्रकरणाची आठवण करून देतो. औरंगाबाद शहरातील (आताचे छत्रपती संभाजीनगर) एका खाजगी प्राथमिक शाळेत एक शिक्षिका काम करीत होत्या. २००५ साली महानगरपालिकेने शाळेच्या मालमत्तेवरील कराचा बोजा वाढवला. व्यवस्थापनाने तो भार शिक्षकांच्या पगारावर टाकायचे ठरवले आणि प्रत्येकाने दरमहा दीड हजार रुपये द्यावेत असे सांगितले. या शिक्षिकेने नकार दिला. त्यानंतर त्यांना एकामागून एक असे पंचवीस मेमो देण्यात आले. नोव्हेंबर २००६ मध्ये त्यांना निलंबित केले गेले. शिक्षणाधिकाऱ्यांनी त्या निलंबनाला मान्यता दिली नाही, तरीही चौकशी पुढे रेटून जून २००७ मध्ये त्यांची सेवा समाप्त करण्यात आली.

त्या शाळा न्यायाधिकरणाकडे गेल्या. जून २००९ मध्ये न्यायाधिकरणाने सेवासमाप्तीचा आदेश रद्द केला आणि संपूर्ण थकीत वेतन देण्याचा हुकूम दिला. २०११ साली उच्च न्यायालयाने थकीत वेतनाचा भाग काढून टाकला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १२ ऑगस्ट २०१३ रोजी न्यायालयाने न्यायाधिकरणाचा मूळ हुकूम पुन्हा कायम केला. चार महिन्यांत रक्कम द्यावी, न दिल्यास नऊ टक्के व्याज द्यावे असेही सांगितले. क्रांती ज्युनिअर अध्यापक महाविद्यालय या नावाने ओळखला जाणारा हा निकाल आज देशभरातील न्यायालयांत आधार म्हणून दाखवला जातो.

या निकालातील तत्त्व प्रत्येक कर्मचाऱ्याने व प्रत्येक व्यवस्थापनानेही लक्षात ठेवावे. सेवासमाप्ती बेकायदा ठरली, तर सेवेतील सातत्य आणि थकीत वेतन यांसह पुन्हा कामावर घेणे हा सर्वसाधारण नियम आहे. कर्मचाऱ्याने आपण अन्यत्र नोकरीस नव्हतो किंवा कमी वेतनावर होतो, हे पहिल्यापासून स्पष्टपणे मांडले पाहिजे. तो अन्यत्र कमावत होता असे व्यवस्थापनाचे म्हणणे असेल, तर ते सिद्ध करण्याचा भार व्यवस्थापनावर येतो. ज्याने चूक केली त्यानेच तिचा भुर्दंड सोसावा, हा त्यामागील साधा न्याय आहे.

या विजयाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. कामावरून काढल्यापासून सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागेपर्यंत सहा वर्षे गेली. कायद्यात अपील तीन महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा अशी अपेक्षा आहे, पण या प्रकरणात न्यायाधिकरणाच्या पहिल्या पायरीवरच दोन वर्षे लागली. नायगावहून लातूर शंभराहून अधिक किलोमीटर दूर, खंडपीठ त्याच्याही दुपटीहून लांब. प्रत्येक तारखेला एसटीचे भाडे, वकिलांची फी आणि दिवसाची बुडालेली मजुरी. जिंकलेल्या माणसालाही हे सोसावे लागते.

बदलीचा मार्ग निराळा आहे

बदलीच्या बाबतीत फार गैरसमज आहेत, म्हणून तिचा विचार स्वतंत्रपणे करतो. एकापेक्षा अधिक शाळा चालवणाऱ्या संस्थेला आपल्या एका शाळेतून दुसऱ्या शाळेत कर्मचाऱ्याची बदली करता येते. १९८१ च्या नियमावलीत त्यासाठी नियम ४१ आहे. मात्र कलम ९ मध्ये अपिलाची जी कारणे दिली आहेत, त्यांत साधी बदली नाही. त्यामुळे केवळ बदलीविरुद्ध शाळा न्यायाधिकरणाकडे गेल्यास अपील चालण्याजोगे नाही असे उत्तर मिळण्याचा संभव असतो. बदलीच्या नावाखाली पद किंवा दर्जा खाली आणला असेल, तर ती पदावनती ठरू शकते आणि मग दार उघडते. अन्यथा व्यवस्थापनाकडे व शिक्षणाधिकाऱ्यांकडे लेखी निवेदन आणि नियमांचा भंग झाला असल्यास उच्च न्यायालयात रिट याचिका, हाच मार्ग उरतो.

न्यायालये बदलीत सहसा हात घालीत नाहीत. बिहारमधील शिक्षिकांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, बदली हा नोकरीचाच भाग आहे. वैधानिक नियमाचा भंग किंवा दुष्ट हेतू दिसल्याशिवाय न्यायालयाने मध्ये पडू नये. पुढे त्याच न्यायालयाने हेही स्पष्ट केले की, शिक्षा म्हणून केलेली बदली टिकत नाही. तक्रार केली म्हणून, संघटनेत गेला म्हणून किंवा वरिष्ठांना रुचत नाही म्हणून जर कुणाला दूर पाठवले असेल, तर हेतू सिद्ध करणारी कागदपत्रे आधी गोळा केली पाहिजेत.

येथे एक धोक्याची सूचना. बदलीचा आदेश मान्य नाही म्हणून घरी बसू नये. १९८९ साली गुजरातमधील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे निःसंदिग्धपणे सांगितले आहे. आदेशाला स्थगिती नसेल तर केवळ निवेदन दिले आहे म्हणून हजर न होणे क्षम्य ठरत नाही. नव्या ठिकाणी हजर व्हावे, 'माझ्या हक्कास बाध न येता हजर होत आहे' असे लिहून द्यावे आणि मग दाद मागावी. अन्यथा बदलीचे प्रकरण गैरहजेरीचे होते आणि गैरहजेरीचे बडतर्फीचे.

राजीनामा आणि परिविक्षा

काही ठिकाणी बडतर्फीची कटकट नको म्हणून राजीनामा मागितला जातो. 'चांगल्या शब्दांत निरोप देऊ, अनुभवाचा दाखला देऊ, नाही तर चौकशी लावू,' असे सांगितले जाते. कायद्याच्या कलम ७ मध्ये राजीनाम्याची रीत घालून दिली आहे. पत्र दोन प्रतींत करावे, दोन्हींवर सही व तारीख घालावी, एक प्रत नोंदणीकृत टपालाने पाठवावी आणि दुसरी स्वतःजवळ ठेवावी. राजीनामा स्वेच्छेने दिलेला असावा, यासाठीच ही रीत आहे. (२०२५ साली टपाल खात्याने नोंदणीकृत टपाल स्पीड पोस्टमध्ये विलीन केले आहे, पोचपावती मात्र तितकीच महत्त्वाची आहे.) कार्यालयात बसवून, दडपणाखाली सही घेतली गेली असेल, तर त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी तसे लेखी कळवून राजीनामा मागे घ्यावा. कोऱ्या कागदावर तर कधीही सही करू नये.

परिविक्षेवरील नव्या कर्मचाऱ्यांविषयीही दोन शब्द. रिक्त कायम पदावर रीतसर नेमणूक झाली असेल तर परिविक्षेचा काळ दोन वर्षांचा असतो, शिक्षण सेवकांसाठी तो तीन वर्षांचा आहे. तो पूर्ण झाल्यावर कर्मचारी कायम झाला असे मानले जाते. त्या काळात काम किंवा वर्तन समाधानकारक नसल्यास एक महिन्याची नोटीस अथवा एक महिन्याचे वेतन देऊन सेवा संपवता येते. पण ज्याची नेमणूकच तात्पुरती, ठराविक महिन्यांची आहे, त्याला हे संरक्षण सहजासहजी मिळत नाही. म्हणून नेमणुकीच्या पत्रातील शब्द पहिल्याच दिवशी नीट वाचावेत. शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता नाही म्हणून नेमणूकच नाही, असे काही संस्था सांगतात. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने सेंट उलाई हायस्कूलच्या प्रकरणात असे म्हणणे मान्य केलेले नाही. नेमणूक वैध असण्यासाठी ती मान्यता ही पूर्वअट नव्हे, असे त्या निकालाचे सार आहे.

अल्पसंख्याक संस्थांचा हक्क कोठवर?

आता आम्हाला आमच्याच घराकडे वळले पाहिजे. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३० ने धार्मिक व भाषिक अल्पसंख्याकांना आपल्या पसंतीच्या शिक्षणसंस्था स्थापन करण्याचा व चालवण्याचा हक्क दिला आहे. हा हक्क आम्हाला प्राणप्रिय आहे आणि त्यासाठी ख्रिस्ती संस्थांनी न्यायालयांत दीर्घ झुंज दिली आहे. १९७४ साली अहमदाबादच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या खटल्यात नऊ न्यायाधीशांच्या पीठाने हा हक्क अधोरेखित केला. १९७८ साली केरळमधील एका ख्रिस्ती अध्यापक महाविद्यालयाच्या प्राचार्यांच्या प्रकरणात, कुलगुरूंना दिलेला अमर्याद अपिलाचा अधिकार अल्पसंख्याक संस्थांना लागू होणार नाही असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले. महाराष्ट्राच्या १९७७ च्या कायद्यातही मुख्याध्यापकाच्या निवडीबाबत आणि कळवलेल्या कमाल तीन नावांबाबत अल्पसंख्याक शाळांना मोकळीक ठेवलेली आहे.

परंतु याचा अर्थ काही जण असा लावतात की, अल्पसंख्याक शाळेतील कर्मचाऱ्याला दादच मागता येत नाही. तो अर्थ चुकीचा आहे. दिल्लीच्या फ्रँक अँथनी पब्लिक स्कूलच्या प्रकरणात १९८६ साली सर्वोच्च न्यायालयाने विनाअनुदानित अल्पसंख्याक शाळांच्या कर्मचाऱ्यांना न्यायाधिकरणाचे दार बंद ठेवणारी तरतूद अवैध ठरवली. २००२ साली टी. एम. ए. पै प्रकरणात अकरा न्यायाधीशांच्या पीठाने खाजगी संस्थांतील कर्मचाऱ्यांसाठी जिल्हा न्यायाधीशांच्या दर्जाची शैक्षणिक न्यायाधिकरणे असावीत, असे मत नोंदवले. या निकालांतून निघणारा बोध सरळ आहे. संस्था चालवण्याच्या हक्कात ती वाईट रीतीने चालवण्याचा हक्क येत नाही. आपला शिक्षक निवडण्याचे स्वातंत्र्य आम्हाला आहे, त्याचे म्हणणे न ऐकता त्याला घालवण्याचे नाही.

जेथे असा कायदा नाही तेथे काय होते, याचीही उदाहरणे समोर आहेत. गोव्यात करंझाळे येथे धर्मभगिनींच्या एका शाळेतील शिक्षिकेची सेवा १९७५ साली संपवण्यात आली. त्या औद्योगिक विवाद कायद्याच्या आधारे लढल्या. शेवटी १९८८ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, शाळा हा त्या कायद्याच्या अर्थाने उद्योग असला, तरी शिक्षक हा 'कामगार' नव्हे. तेरा वर्षांच्या लढ्यानंतर, आपण ठोठावलेले दारच चुकीचे होते, असे त्यांना कळले. मात्र शिक्षकांसाठी योग्य संरक्षणाचा कायदा राज्याने करावा, अशी गरज त्या निकालाने पुढे आणली. अलीकडे, ऑगस्ट २०२२ मध्ये, मध्य प्रदेशातील सेंट मेरीज एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की, विनाअनुदानित शाळेतील सेवेच्या अटी कायद्याने बांधलेल्या नसतील, तर निव्वळ कराराच्या वादासाठी रिट याचिका चालणार नाही. ही दोन्ही प्रकरणे ख्रिस्ती संस्थांची आहेत आणि दोन्हींत संस्था जिंकल्या. तो विजय कायद्याचा होता. आपल्या साक्षीचा होता काय, हा प्रश्न आम्ही स्वतःला विचारला पाहिजे. महाराष्ट्रातील कर्मचाऱ्यांचे भाग्य एवढेच की, येथे योग्य दार कोणते हे कायद्याने सांगून ठेवले आहे.

दाद मागणे पाप आहे काय?

करिंथ येथील बांधव एकमेकांविरुद्ध न्यायालयात जात होते, म्हणून संत पौलाने त्यांची कानउघाडणी केली. हा उतारा आमच्या माणसांना बरोबर सांगितला जातो. पण त्याच ठिकाणी पौल विचारतो की, तुमच्यात न्याय करू शकणारा एकही शहाणा माणूस नाही काय? याचा अर्थ, घरात न्याय मिळण्याची सोय करणे ही घराची जबाबदारी आहे. घरात न्याय द्यायचा नाही आणि बाहेर मागू द्यायचा नाही, असे पौलाने कोठेही म्हटलेले नाही. योहानाच्या शुभवर्तमानात निकदेम परूशांना हेच विचारतो की, माणसाचे ऐकून घेतल्याशिवाय आपले नियमशास्त्र त्याला दोषी ठरवते काय? कारणे दाखवा नोटीस आणि चौकशी समिती यांमागील तत्त्व याहून निराळे नाही. मजुराची मजुरी अडवून ठेवली तर तिचा आक्रोश परमेश्वराच्या कानी जातो, असा इशारा संत याकोबाने दिला आहे.

ख्रिस्तसभेचा नियमही स्पष्ट आहे. १९८३ च्या धर्मनियमसंहितेतील नियम १२८६ अन्वये, ख्रिस्तसभेच्या मालमत्तेचा कारभार पाहणाऱ्यांनी माणसे कामावर ठेवताना देशाचे कामगारविषयक कायदेही काटेकोरपणे पाळावेत आणि कामाचा न्याय्य मोबदला द्यावा, असे बंधन आहे. म्हणजे १९७७ चा कायदा पाळणे हे शाळा चालवणाऱ्या धर्मगुरूचे व धर्मभगिनीचे केवळ नागरी कर्तव्य नाही, ते ख्रिस्तसभेनेही घालून दिलेले कर्तव्य आहे. पोप लिओ तेरावे यांनी १८९१ साली कामगारांच्या हक्कांवर परिपत्र काढले. २०२५ साली निवडून आलेल्या पोप महोदयांनी लिओ हे नाव घेताना त्याच परिपत्राची आठवण ठेवली. ही परंपरा आम्ही प्रवचनात सांगतो. ती शाळेच्या कार्यालयातही दिसली पाहिजे.

व्यवस्थापनाच्या अडचणी आम्हाला ठाऊक नाहीत असे नाही. वर्गावर न जाणारा शिक्षक, मुलांना मारहाण करणारा, पैशाचा गैरव्यवहार करणारा अशांना पाठीशी घालणे हा मुलांवर अन्याय आहे. पटसंख्या घटली की पदे कमी होतात, अनुदान वेळेवर येत नाही, हेही खरे. पण दोषी माणसाला दूर करण्याचा मार्ग कायद्याने बंद केलेला नाही, त्याने तो आखून दिला आहे. रीतसर चौकशी झाली असेल तर आदेश टिकतो. रागाच्या भरात एका ओळीचे पत्र दिले, तर दोषी माणूसही थकीत वेतनासह परत येतो आणि ते पैसे मुलांच्या शाळेतून जातात.

आमचे म्हणणे

आता मूळ मुद्द्याकडे. बोलणी चालू असताना तीस दिवस निघून जातात, हे आजचे सर्वांत मोठे दुखणे आहे. बोलणी चांगलीच आहेत आणि समेट हा ख्रिस्ती माणसाचा पहिला मार्ग आहे. पण मुदत बोलण्यांसाठी थांबत नाही. म्हणून कर्मचाऱ्यांना आमचे सांगणे असे की, अपील वेळेत दाखल करावे आणि बोलणीही चालू ठेवावी. समेट झाला तर अपील मागे घेता येते. समेट फिसकटला आणि मुदतही गेली, तर हाती काहीच राहत नाही. अपील करणे म्हणजे वैर धरणे नव्हे.

पत्र मिळालेल्या तारखेची नोंद ठेवावी व लिफाफा जपून ठेवावा. नेमणूकपत्र, मान्यतेचे पत्र, वेतनाच्या पावत्या, मेमो आणि त्यांची उत्तरे एका फाइलीत लावावीत. जे काही द्यायचे ते लेखी द्यावे व पोच घ्यावी. वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जावे. महिलांना तेथे उत्पन्नाची अट न ठेवता मोफत मदत मिळते. आपल्यातील पुष्कळ कुटुंबांना १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशामुळे अनुसूचित जातीचा दर्जा मिळत नाही, त्यामुळे त्यांच्यातील पुरुषांना बहुधा उत्पन्नाच्या दाखल्यावर अर्ज करावा लागतो. तो दाखला आधीच काढून ठेवावा.

संस्थाचालकांना आमची विनंती दोन गोष्टींची आहे. पहिली, बोलणी करायची असतील तर ती आदेश काढण्यापूर्वी करावीत आणि आदेश निघालाच तर 'आपणास तीस दिवसांत न्यायाधिकरणाकडे अपील करता येईल' हे वाक्य त्या पत्रातच लिहावे. त्यात संस्थेचे काही जात नाही. दुसरी, प्रत्येक धर्मप्रांताने शाळांसाठी एक छोटी तक्रार-निवारण समिती ठेवावी, तिच्यावर कायदा जाणणारे प्रापंचिक स्त्री-पुरुष असावेत आणि तिने पंधरा दिवसांत म्हणणे ऐकून घ्यावे. वसतिगृहातील स्वयंपाकीण, पहारेकरी, चर्चमधील मदतनीस यांना १९७७ च्या कायद्याचे छत्र सहसा मिळत नाही. त्यांच्यासाठी तर अशी समिती हाच आधार असेल.

मुदत संपवून बसलेल्या कर्मचाऱ्याला आम्ही आजही परत पाठवत नाही. उशीर माफीचा अर्ज करता येतो, तो करायला सांगतो. पण पुढच्या एप्रिलमध्ये लिफाफा घेऊन कुणी आमच्या दारी आले, तर ते पत्र मिळाल्याच्या दुसऱ्या दिवशीच यावे, अशी आमची इच्छा आहे. आणि शाळा जर आमचीच असेल, तर कर्मचाऱ्याचे ऐकून घेतल्याशिवाय तो लिफाफा कार्यालयातून निघूच नये, ही आमची प्रार्थना आहे.